‘हौशी’ खेळाडू आणि पेढीचा भागीदार: आर्थर किनेर्डचं चरित्र कुठून धरावं?

तुमचा प्रश्न आधी माझ्या शब्दांत मांडतो, म्हणजे मला तो नीट कळलाय का ते तुम्हाला पाहता येईल. दिवाळी अंकासाठी तुम्हाला आर्थर किनेर्डवर अडीच हजार शब्दांचा लेख लिहायचा आहे. त्याची ओळख तुम्हाला एका मालिकेतून झाली. लिहायला बसलात आणि दोन ठिकाणी अडलात. एक, हा माणूस बँकर आणि फुटबॉलपटू, पण लेखात ही दोन माणसं वेगवेगळीच राहतात, सांधा बसत नाही. दुसरं, एकोणिसाव्या शतकात एफ. ए. कप या इंग्लंडच्या फुटबॉल स्पर्धेचे नऊ अंतिम सामने खेळलेल्या आणि त्यातले पाच जिंकलेल्या खेळाडूला ‘हौशी’ म्हणायला तुमचा हात धजत नाही. शेवटी तुम्ही विचारलंय की त्याच्या किश्श्यांतले खरे किती.

मी बँकेत तेहतीस वर्षं काढली आणि त्यातली बरीच वर्षं संध्याकाळी खेळाडूंची छोटी चरित्रं लिहिली, काही कोशासाठी, काही मासिकांसाठी. माझ्या मते तुमच्या दोन्ही अडचणींचं मूळ एकच आहे. ‘हौशी’ हा शब्द तुम्ही कौशल्याशी जोडताय. तो वेळेशी जोडून पाहा.

आपल्या भाषेत हा शब्द फसवतो. जत्रेत हौशे, नवशे, गवशे येतात असं आपण म्हणतो, त्यातला हौशा म्हणजे मौज बघायला आलेला. हौशी नाटक म्हटलं की पाठांतर कच्चं असेल असं आपण मनात धरूनच चालतो. दुसऱ्या बाजूला ‘व्यावसायिक’ म्हणजे पैसे घेऊन खेळणारा, आणि धंदा करणाराही व्यावसायिकच. त्यामुळे किनेर्ड पेढीत व्यावसायिक आणि मैदानात हौशी, असं विचित्र वाक्य तयार होतं. तुम्ही लेखात पहिल्याच परिच्छेदात सांगून टाका: इथे हौशी म्हणजे खेळण्याचा मोबदला न घेणारा. खेळ कच्चा की पक्का, याच्याशी त्याचा संबंध नाही. किनेर्डचा खेळ तर अतिशय दांडगा होता. तांबूस दाढी, पांढरी लांब विजार, आणि समोरच्याच्या नडग्यांची पर्वा न करता घुसणं, हीच त्याची ओळख होती.

मग मोबदला न घेणं त्याला परवडलं कसं? इथे त्याचा धंदा आत येतो, आणि सांधा इथेच आहे.

किनेर्डचा जन्म 16 फेब्रुवारी 1847 चा. शिक्षण ईटन ही बड्या घरच्या मुलांची शाळा आणि केंब्रिजचं ट्रिनिटी कॉलेज. 1869 मध्ये पदवी घेऊन तो घरच्या पेढीत गेला. ‘रॅन्सम, बुव्हरी अँड कंपनी’ हे तिचं नाव. मी मुद्दाम पेढी म्हणतोय, बँक नाही. आपल्याकडे सराफाची किंवा सावकाराची पेढी म्हटल्यावर जे डोळ्यांसमोर येतं, त्याच्या ती जास्त जवळची होती: ठरावीक घराणी, ठरावीक गिऱ्हाइकं, आणि भागीदारांची अमर्याद जबाबदारी. पेढी बुडाली तर भागीदाराचं राहतं घरही जाणार. कवी बायरनचे पैशाचे व्यवहार डग्लस किनेर्ड पाहायचा, तो याच पेढीतला आणि आपल्या आर्थरच्या आजोबांचा भाऊ.

अशा पेढीतला भागीदार मस्टरवर सही करत नाही. शनिवारी दुपारी तो कुठे गेला होता हे त्याला कोणी विचारत नाही. पेढी चालवते ती त्याची पत. आपल्या ‘पत’ या शब्दात पैशाचा विश्वास आणि माणसाची अब्रू एकत्र बांधलेली आहे, म्हणून लेखात हाच शब्द वापरा. गिऱ्हाईक ठेव ठेवतं ते नाव पाहून. त्या काळातल्या त्या वर्गाच्या समजुतीप्रमाणे खेळण्याचे पैसे घेणं म्हणजे त्या नावाला बट्टा लावणं होतं. पैसे नाकारण्यात त्याचं मोठं मन नव्हतं असं मी म्हणत नाही, पण नाकारणं त्याला सोपं होतं, आणि घेणं महाग पडलं असतं. दोन्ही गोष्टी लेखात याव्यात.

हे मला पुस्तकातून कळलं नाही. माझे वडील लालबागच्या एका गिरणीत बदली कामगार होते. पहाटे गेटवर जाऊन उभं राहायचं, कोणी खाडा केला असेल तर त्या दिवसाचं काम मिळायचं, नाहीतर घरी. ते कबड्डी उत्तम खेळायचे. गिरणीच्या संघात निवड झाली आणि काही महिन्यांत त्यांचं नाव पक्क्या मस्टरवर चढलं. पुढे मला बँकेत नोकरी लागली तीही खेळाच्या कोट्यातून. सकाळी सही करायची, अडीच-तीनला पिशवी उचलून सरावाला जायचं, आणि माझ्या टेबलावरची व्हाउचर्स शेजारचे सहकारी मुकाट्याने लिहून टाकायचे. आम्ही दोघंही कागदोपत्री हौशीच होतो. कबड्डीच्या महासंघाच्या नावातच ‘हौशी’ हा शब्द होता. वडिलांनी एका सामन्याचेही पैसे घेतले नाहीत. पण त्यांच्या खेळानेच आमच्या घरची चूल पेटायची. मग ते हौशी की व्यावसायिक, हा प्रश्न मी अनेक वर्षं मनात बाळगला. किनेर्डचा काळ वाचताना समजलं की इंग्लंडच्या गिरणगावात हाच प्रश्न 1880 च्या आसपास पेटला होता, आणि किनेर्ड त्याच्या अगदी मधोमध उभा होता.

म्हणून तुम्हाला माझा आग्रह आहे की लेखाची सुरुवात त्याच्या जन्मापासून करू नका. 1879 च्या तीन सामन्यांपासून करा.

त्या वर्षी कपच्या उपांत्यपूर्व फेरीत ओल्ड इटोनियन्स, म्हणजे ईटनच्या माजी विद्यार्थ्यांचा किनेर्डचा संघ, आणि लँकेशायरमधल्या डार्वेन या कापडगिरण्यांच्या गावाचा संघ समोरासमोर आले. सामना लंडनच्या केनिंग्टन ओव्हलवर. शेवटची पंधराएक मिनिटं उरली तेव्हा इटोनियन्स 5–1 ने पुढे होते. डार्वेनने उरलेल्या वेळात चार गोल केले. 5–5. डार्वेनने जादा वेळ खेळायची तयारी दाखवली, इटोनियन्सनी नकार दिला. सामना पुन्हा ठरला, तोही लंडनलाच. तो 2–2. तिसऱ्यांदा परत लंडन, आणि या वेळी डार्वेन 6–2 ने हरलं.

आता हे वेळेच्या हिशेबात मांडून पाहा. इटोनियन्सच्या खेळाडूला पुन्हा खेळायचं म्हणजे घोडागाडी करून ओव्हलवर जायचं. डार्वेनच्या गिरणी कामगाराला तेच करायचं म्हणजे तीनेकशे किलोमीटरचा रेल्वे प्रवास, बुडालेली मजुरी, आणि तिकिटासाठी गावाने काढलेली वर्गणी. तीन खेपा. मैदानावरचे नियम दोघांना सारखेच होते. जादा अर्धा तास नाकारणं नियमात बसत होतं. पण तो अर्धा तास दोघांना सारख्या किमतीचा नव्हता. आणखी एक गोष्ट विसरू नका: किनेर्ड तेव्हा नुसता खेळाडू नव्हता. तो एकविसाव्या वर्षी, 1868 मध्ये, फुटबॉल असोसिएशनच्या, म्हणजे इंग्लंडमधल्या फुटबॉलचा कारभार पाहणाऱ्या संस्थेच्या, समितीवर आला होता आणि 1877 पासून तिचा खजिनदार होता. बँकरला खजिनदार करणं आपल्या गावच्या मंडळातही होतं, त्यात नवल नाही. पण म्हणजे डार्वेनच्या समोर जो संघ उभा होता, त्यातल्याच एकाच्या हाती खेळाच्या तिजोरीच्या किल्ल्या होत्या.

याच्या जोडीला 1873 चा अंतिम सामना ठेवा. 29 मार्च, लिली ब्रिज. किनेर्ड तेव्हा ज्या संघातून खेळायचा त्या वाँडरर्सनी ऑक्सफर्ड विद्यापीठाला 2–0 ने हरवलं, पहिला गोल किनेर्डचा. सामना सकाळी ठेवला होता. कारण त्याच दिवशी ऑक्सफर्ड-केंब्रिजची नौकाशर्यत होती आणि मंडळींना ती चुकवायची नव्हती. प्रेक्षक तीनेक हजार. या एका वेळापत्रकावरून कळतं की त्या दिवसांत हा खेळ कोणाच्या सोयीने चालायचा.

वेळेचा हा मुद्दा तुमच्या वाचकांना दूरचा वाटू नये म्हणून एक खरा धागा देतो. लँकेशायरच्या कामगाराला शनिवारची दुपार मिळाली ती 1850 च्या कायद्याने. कापडगिरण्यांतल्या बायका-मुलांचं काम शनिवारी दोनला थांबवायचं असं ठरलं आणि त्यांच्याशिवाय साचे चालत नसल्याने पुरुषांचंही काम थांबू लागलं. त्या मोकळ्या दुपारीत तिथे गावोगावी फुटबॉल संघ उभे राहिले. मुंबईच्या गिरणी कामगारांना आठवड्याची रविवारची सुट्टी मिळाली ती 10 जून 1890 पासून, नारायण मेघाजी लोखंडे यांच्या लढ्यामुळे. त्याच 1890 साली किनेर्ड फुटबॉल असोसिएशनचा अध्यक्ष झाला. या दोन घटनांचा एकमेकींशी काही संबंध नाही, तो जोडूही नका. पण लालबाग-परळच्या माणसाला सुट्टी म्हणजे काय हे समजावून सांगावं लागत नाही, आणि सुट्टीशिवाय खेळ नाही हेही.

पुढचा भाग तुम्हाला मालिकेतून माहीत आहे, पण मालिकेत ब्लॅकबर्नचे दोन वेगळे संघ एकात मिसळले आहेत, तेवढं सांभाळा. 1882 च्या अंतिम सामन्यात इटोनियन्सनी ब्लॅकबर्न रोव्हर्सना 1–0 ने हरवलं. 1883 मध्ये त्यांना हरवलं ते ब्लॅकबर्न ऑलिम्पिकने, 2–1, जादा वेळेत. (होय, या वेळी जादा वेळ खेळला गेला.) ऑलिम्पिकच्या संघात विणकर होता, सूतकताई करणारा होता, नळकारागीर होता, लोखंडाच्या कारखान्यातले कामगार होते. सामन्याआधी संघाला ब्लॅकपूलला समुद्रकाठी सरावासाठी नेलं होतं आणि खर्च एका लोखंड कारखानदाराने उचलला होता. म्हणजे मजुरांना खेळासाठी वेळ हवा असेल तर तो कोणीतरी विकत घेऊन द्यावा लागतो, हे तिथे उघड झालं. पुढच्याच वर्षी प्रेस्टन नॉर्थ एंडचा कारभारी विल्यम सडेल, हा कापडगिरणीचा व्यवस्थापक, त्याने खेळाडूंना नोकऱ्या आणि पैसे दिल्याचं कबूलच करून टाकलं. प्रेस्टनला कपमधून बाद केलं. पण वर्षदीड वर्षात, जुलै 1885 मध्ये, असोसिएशनला पैसे घेऊन खेळणं मान्य करावं लागलं. सडेल पुढे गिरणीच्याच पैशाच्या अफरातफरीत तुरुंगात गेला. एकाच काळातले हे दोन धंदेवाले, किनेर्ड आणि सडेल, लेखात एकदा तरी शेजारी उभे करा. मला सडेलबद्दल वाईट वाटतं. त्याने कामगारांना खेळायला वेळ दिला, पण ज्या वहीतून दिला ती वही त्याची नव्हती.

किनेर्डचा मोठेपणा मला यानंतरच्या वर्षांत दिसतो. त्याच्या वर्गातल्या पुष्कळांनी पैसे आले तसं फुटबॉलकडे पाठ फिरवली. हा मात्र टिकून राहिला. 1890 ते 1923, तेहतीस वर्षं अध्यक्ष. ज्या खेळाचे तीन हजार प्रेक्षक त्याने पाहिले होते, त्याच्या 1901 च्या अंतिम सामन्याला क्रिस्टल पॅलेसवर लाखाहून जास्त माणसं आली, आणि मैदानावर पगारी खेळाडू होते. प्रत्येकाची दुपार त्याच्या स्वतःच्या मालकीची नसते, हे त्याला कितपत कळलं होतं ते त्याच्या मनात शिरून लिहू नका. तो राहिला, एवढं लिहा. ते पुरेसं आहे.

आता कामाची पद्धत. मी अजूनही जुन्या रेघांच्या लेजरवहीत काम करतो. डाव्या पानावर खेळाच्या तारखा, उजव्या पानावर धंदा, घर, कायदेशीर गोष्टी. किनेर्डचं असं पान केलं की 1878 साली दोन्ही बाजूंना नोंद येते. त्या वर्षी काका वारले आणि त्याच्या वडिलांकडे लॉर्डपद आलं. तोवर हा निव्वळ ‘मिस्टर’ होता. 1887 मध्ये वडील गेल्यावर तो स्वतः लॉर्ड झाला. मी सुरुवातीच्या एका लेखात ‘लॉर्ड किनेर्ड यांनी 1873 मध्ये गोल केला’ असं लिहिलं होतं. संपादकांनी पेन्सिलीने त्या शब्दाखाली रेघ मारून कागद परत पाठवला. तेव्हापासून उजवं पान भरल्याशिवाय मी डाव्या पानाबद्दल एक ओळ लिहीत नाही. दुसरी जोडी 1888 ची: त्या साली व्यावसायिक संघांची फुटबॉल लीग सुरू झाली, आणि त्याच साली रॅन्समची पेढी बार्कले, बेव्हन, ट्रिटन यांच्या पेढीत मिसळली. 1896 मध्ये वीस खासगी पेढ्या एकत्र येऊन बार्कले अँड कंपनी झाली. घराण्याच्या नावावर चालणारी पेढीही गेली आणि शाळेच्या नावावर चालणारा संघही मागे पडला, साधारण एकाच दशकात. लेखाला याहून चांगला सांधा तुम्हाला मिळणार नाही.

किश्श्यांचं मी असं करतो: त्या वेळच्या वृत्तपत्रात आहे का, की नंतर कोणाच्या आठवणीत आलंय, ते आधी पाहतो. 1882 ला जिंकल्यावर त्याने प्रेक्षकगृहासमोर डोकं खाली पाय वर करून दाखवले, हे बहुतेक सगळे सांगतात, खुशाल घ्या. ‘एक दिवस तो पाय मोडून घरी येईल’ या काळजीवर मित्राने ‘येईल, पण तो पाय त्याचा नसेल’ असं उत्तर दिलं, या किश्श्यात काळजी करणारी कुठे आई असते, कुठे पत्नी, आणि उत्तर देणारा मित्रही बदलतो. घ्यायचा तर ‘सांगतात की’ म्हणून घ्या, उत्तर कोणाच्या तोंडी घालू नका. तिसरा किस्सा सगळ्यांत मोलाचा. 1877 च्या अंतिम सामन्यात किनेर्ड गोलरक्षक होता. चेंडू हातात धरून तो मागे सरला आणि गोलरेषेच्या आत गेला. ऑक्सफर्डला गोल मिळाला. वाँडरर्सनी सामना शेवटी 2–1 ने जिंकला. पण पुढे अधिकृत नोंदीतून तो गोल गायब झाला आणि जवळपास शंभर वर्षं निकाल 2–0 असा छापला जात होता. जुनी वृत्तपत्रं पाहून नंतर तो परत 2–1 करण्यात आला. त्या काळात किनेर्ड असोसिएशनचा पदाधिकारी होता, हे सांगा आणि तिथेच थांबा. वाचक हुशार असतो.

किती खोल जायचं हे तुमच्या हाताशी काय आहे त्यावर आहे. ब्रिटिश वृत्तपत्रांचे स्कॅन पैसे भरून मिळतात, ते जमत असेल तर डार्वेनचे तीन सामने मूळ वार्तांकनातून वाचा. जमत नसेल तर सामन्यांची रंगीत वर्णनं टाळा, निकाल आणि तारखांवर भागवा. बार्कलेजचं स्वतःचं अभिलेखागार आहे, तिथे पेढीची बाजू मिळते. तुमचा अंक घरगुती वाचकांचा असेल तर घरची बाजू थोडी वाढवा: धार्मिक, समाजकार्यात बुडालेलं घर होतं ते. आई मेरी जेन वाय. डब्ल्यू. सी. ए. या ख्रिस्ती महिला संघटनेच्या संस्थापकांपैकी, लाहोरचं किनेर्ड कॉलेज तिच्याच नावाचं. ईटनचा मित्र क्विंटिन हॉग, साखरेचा व्यापारी, याच्यासोबत आर्थरने तरुणपणी लंडनच्या रस्त्यावरच्या पोरांसाठी शाळा चालवली. दोन मुलगे पहिल्या महायुद्धात गेले, एक 1914 ला, एक 1917 ला. हे सगळं एका परिच्छेदात बसतं. पसरवू नका.

शेवट कुठे करावा हे तुम्ही विचारलं नव्हतं, तरी सांगतो. 1878 मध्ये वाँडरर्सनी कप लागोपाठ तिसऱ्यांदा जिंकला. नियमाप्रमाणे तो कायमचा त्यांचा झाला होता. त्यांनी तो परत केला, अट एकच: यापुढे तो कोणालाही कायमचा मिळू नये. तो कप 1895 मध्ये बर्मिंगहॅममधल्या एका दुकानाच्या काचेतून चोरीला गेला. दुसरा घडवला. 1911 मध्ये तो दुसरा कप निवृत्त झाला, आणि असोसिएशनने अध्यक्षपदाच्या एकवीस वर्षांबद्दल तो किनेर्डला भेट दिला. म्हणजे पैसे कधीच न घेतलेल्या या खेळाडूच्या घरी तेहतीस वर्षांनी खुद्द कप आला. त्याचा मृत्यू 30 जानेवारी 1923 चा, लंडनचं वेम्बली स्टेडियम उघडायच्या तीन महिने आधी. पण तुम्ही लेख 1911 ला, कप घरी पोचला तिथेच संपवा.

आधी दोन पानांची वही करा. 1868 ते 1890 एवढी वर्षं भरलीत की मला दाखवा. लिहायला त्यानंतर बसा.